जेठीबाय उतरली

जेठीबाय भेटली की आधी तुमच्या पदराची कड चिमटीत धरायची, अंगठ्यानं दोनदा चोळायची, आणि मगच तोंडाकडे बघायची. तलासरीच्या बाजूला एका उपकेंद्रात नर्स म्हणून मी रुजू झाले, तेव्हा पहिल्याच आठवड्यात तिनं माझी पांढरी साडी अशी चोळून बघितली आणि म्हणाली, "मशीनचा हाय. याला आय नाय." साडीला आई नसते हे मला ठाऊक होतं. पण ती हे इतक्या कळवळ्यानं म्हणाली, की ही कीव साडीची करतेय की माझी, ते मला कळेना. मी सिन्नरकडची. सरळ बोलणाऱ्या माणसांत वाढलेली. मी म्हटलं, "बाई, सरकार देतं ती नेसते. आईची चौकशी सरकारकडे कर." ती हसली. पुढचे दोन दात नव्हते तिला, त्यामुळे ती हसली की फार खोडकर दिसायची. आमची गट्टी जमली ती तिथून.

तिच्या पाड्यावर मोजकीच घरं. पावसाळ्यात भात नि नाचणी, एरवी डहाणूकडच्या चिकूच्या वाड्या, वीटभट्ट्या, तरण्या पोरांना गुजरातेतल्या मच्छीमार बोटी. चार पाड्यांसारखाच पाडा. होळी पेटवत, गणपती आणत. पण या सगळ्याच्या वर त्यांची मागाई होती. मागाईला देऊळ नाही, मूर्ती नाही, पुजारी नाही. घरातला हातमाग हीच मागाई. ती रोज जग विणत असते, आणि माणसानं रोज आपल्यापुरतं थोडं विणावं, म्हणजे आपण अजून इथं आहोत हे तिला समजतं, असं ते मानत.

एका घराचा एक माग, आणि त्यावर घरातल्या प्रत्येक जित्या माणसाची वीतभर रुंदीची एक पट्टी, शेजारी शेजारी ताणलेली. सकाळी चुलीआधी प्रत्येकानं आपल्या पट्टीत आडव्या धाग्याचा धोटा फिरवायचा. कामाला लांब गेलेल्याची पट्टी आईनं विणायची. पट्टी लांबत जाते तशी गुंडाळत जायची. माणूस गेला, की पट्टी कापून उतरवायची आणि त्याच कापडात त्याला गुंडाळून न्यायचं. "मेला" हा शब्द त्या पाड्यावर कोणी उच्चारत नसे. "उतरला" म्हणत. आणि हे उतरवण्याची कातर जेठीबायकडे होती, तिच्या सासूकडून आलेली.

जन्माच्या वेळीही तिचंच काम. बाई सासरी आली की तिच्या पट्टीच्या कडेला थोडे धागे मोकळे सोडलेले असत. मूल झालं की त्या धाग्यांवर मुलाचा नवा ताणा, म्हणजे उभे धागे, गाठीनं सांधायचा. ते जेठीबाय सांधायची. त्यामुळे पाड्यावर कोणी अडलं, की एका बाजूला मी ब्लेड नि क्लॅम्प घेऊन, दुसऱ्या बाजूला ही सुताची गुंडी घेऊन. पहिल्या बाळंतपणाला तर आमची जुंपलीच. मी नाळ कापायला घेतली, तर ही माझा हात धरते. "थांब ने, आधी मी सांधतंय. मग तू काप." मी म्हटलं, "मूल निळं पडतंय, तुझी गाठ राहू दे." तिनं हात सोडला. मूल रडलं. तिनं सांधलं. बाहेर आल्यावर मला म्हणाली, "तू कापतंस नि मी सांधतंय. मरणाचे टायमाला मी कापतंय नि तू नुसती उभी." तिला मला हिणवायचं नव्हतं. कामाची वाटणी कशी झालीय, एवढंच ती सांगत होती.

मुंबईहून एकदा काही हौशी मंडळी गाडी करून आली. कोणीतरी त्यांना सांगितलं असावं, की इथं हातमागाचं कापड मिळतं. त्यातल्या एका बाईनं मागावरच्या पट्टीला हात लावत विचारलं, "हे केवढ्याला द्याल?" जेठीबायनं त्यांच्याकडे एकेकाकडे नीट पाहिलं, माणसं मोजल्यासारखं, आणि अगदी हळू आवाजात विचारलं, "कोण उतरला तुमचा?" मी त्यांना बाजूला नेऊन अर्थ सांगितला. चहासुद्धा न घेता निघाले ते.

ती कोणाची भीड ठेवणारी नव्हती. एकदा एका घरात म्हातारा घरघर लागून पडलेला, आणि नातीचं लग्न तोंडावर आलेलं. मुलं म्हणाली, आजच कापून टाक, चार दिवसांनी जायचा तो आजच गेला समजू, म्हणजे लग्न तरी वेळेवर लागेल. जेठीबाय कातर कमरेला खोचून उंबऱ्यावर बसली. "श्वास हाय तवर धागा हाय," म्हणाली. लग्न पुढे गेलं. आणि उलटंही होई. काशी नावाच्या एका बाईची दोन वर्षांची पोर तापानं गेली. पट्टी केवढी, तर हाताएवढी. काशीनं जेठीबायचे पाय धरले, "कापू नको, राहू दे मागावर, मी विणत राहीन." जेठीबायनं तिला उठवलं, जवळ घेतलं, आणि कापलं. कापताना ती कधी रडत नसे. कापल्यावर कातर धुवायची नि घरी जाऊन झोपायची. काशी कित्येक महिने तिच्या वाटेला गेली नाही.

रमण हा जेठीबायचा एकुलता मुलगा. त्याच्या पाठचं एक लहानपणीच गेलं, नवरा त्याआधी. रमण सौराष्ट्रातल्या एका बंदरावर बोटीवर खलाशी म्हणून जायचा. घरी त्याची बायको वनिता नि ही. रमणची पट्टी जेठीबाय विणायची, आणि तिच्यातून कापलेली नव्हे, तर त्याच सुताची वेगळी विणलेली एक बारकी नाडी त्याच्या मनगटाला बांधून द्यायची. लांब जाणाऱ्या प्रत्येकाच्या हातात तशी नाडी असे.

एका वर्षी बोट परत आली नाही. वादळ झालं होतं. काही दिवसांनी तिकडून फोन आला, की एक प्रेत किनाऱ्याला लागलंय, ओळख पटवायला या. जेठीबायला एकटीला पाठवणार कोण, म्हणून मी रजा टाकून बरोबर गेले. डहाणू रोडहून गाडीत बसलो. वाटेत समोरच्या बाकावरच्या बाईच्या ओढणीची कड तेवढी तिनं चोळून पाहिली.

ते प्रेत मी पाहिलंय, म्हणून सांगते, त्याला चेहरा उरला नव्हता. तिथल्या माणसानं विचारलं, काही खूण? जेठीबाय पुढे झाली. तिनं त्या फुगलेल्या मनगटावरची नाडी चिमटीत धरली, अंगठ्यानं दोनदा चोळली. "माझा हात हाय," म्हणाली. मी म्हटलं, "जेठीबाय, अंगावरची एखादी खूण बघ, पाय बघ." तर म्हणाली, "अंग पाण्यात बदलतो, बाय. वीण नाय बदलत." बोटमालकानं गाडी करून दिली. आम्ही त्याला घरी आणला. तिनं स्वतः रमणची पट्टी कापली, त्यात गुंडाळला, नि पाड्यानं त्याला अग्नी दिला.

मागावर दोन पट्ट्यांच्या मधे फट राहिली. त्या फटीकडे बघत वनिता रोज सकाळी धोटा फिरवायची. तरणी पोर, पदरी मूल नाही. वर्ष उलटल्यावर जेठीबायनंच उधव्याकडचं एक स्थळ पाहिलं आणि तिचा पाट लावून दिला. वनिताची पट्टी गुंडाळून डोक्यावर घेतली नि सुनेच्या नव्या घरी मागावर चढवून आली. येताना उपकेंद्रात बसली. म्हणाली, "चांगला घर हाय. माग उजेडात हाय." मग बराच वेळ भिंतीवरचा लसीकरणाचा तक्ता बघत राहिली. तिला वाचता येत नव्हतं.

आणि मग रमण आला.

बोट बुडताना काही जणांना पलीकडच्या देशाच्या बोटीनं उचललं होतं. हद्द ओलांडली म्हणून तुरुंगात टाकलं. काहींची नावं कळली, काहींची नाही, आणि हा सुटून येईपर्यंत तो कुठं आहे हे कोणाला माहीत नव्हतं. भरदुपारी तो पाड्यावर शिरला. अंगणात बायका चवळी निवडत होत्या. त्यांनी पाहिलं नि माना खाली घातल्या. आई ओट्यावर सूत गुंडाळत होती. मी तिथंच होते, काशीचा रक्तदाब बघत. जेठीबाय उठली, त्याच्यापाशी गेली, त्याच्या शर्टाची कड धरून चोळली, आणि विचारलं, "कोणाचा तू?"

तो हसला. थट्टा करतेय असं वाटलं त्याला. "आये, मी रमण."

"रमणला मी उतरवला," ती म्हणाली, आणि जागच्या जागी खाली बसली.

नाडीची गोष्ट त्यानं तिथंच सांगितली. बोटीवर एक नवीन पोरगा होता, कुठलासा, सगळे त्याला बाबू म्हणत. समुद्राला भ्यायचा, जेवण टिकायचं नाही. रमणनं आपली नाडी सोडून त्याच्या हातात बांधली होती, की मागाई बघेल तुझ्याकडे. त्याच्या पुढचं काही जेठीबायनं ऐकलं की नाही कोण जाणे. ती रडली. तिला मी रडताना प्रथम पाहिलं. आणि रडताना काय म्हणत होती, तर, "त्याची आय वाट बघत असंल रं. त्याची आय वाट बघत असंल." मी नंतर त्या बंदराच्या गावी पुष्कळ फोन लावले. बाबूचं गाव कोणाला ठाऊक नव्हतं.

आता पंचाईत अशी, की मागाईच्या माणसांत पट्टी नसलेला माणूस नसतोच. त्याला उंबरा ओलांडता येत नाही, त्याच्या हातचं पाणी चालत नाही, त्याला नावानं हाक मारता येत नाही. कोणी त्याला हाकललं नाही, कोणी शिवी दिली नाही. नुसते त्याच्या आरपार बघत. मला संताप आला. मी पाड्याच्या म्होरक्याकडे, देवजीदादाकडे, गेले नि तोंडाला येईल ते बोलले. देवजीदादा वाईट माणूस नव्हता. लहानपणी रमणला खांद्यावर बसवून जत्रेला नेणारा तोच. त्यानं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "सिस्टर, आज रमणचा जोडला, तर उद्या काशी येल, माझे पोरीचा जोड. तिला काय सांगू? कापलेला जोडता येत असता, तर आमच्यातला कोण रडला असता?"

मी काशीकडे पाहिलं. ती नि जेठीबाय माझ्यामागून येऊन दाराशी उभ्या होत्या. ती जेठीबायकडे बघत होती, आणि त्या बघण्यात राग नव्हता. ती फक्त वाट बघत होती, की आता ही काय करते. जेठीबायनं मान खाली घातली. "देवजी बरोबर बोलतो," म्हणाली.

रमण अच्छाडला गेला. नाक्यावर ट्रकच्या रांगा लागतात, तिथल्या एका ढाब्यावर भांडी घासायला राहिला. वनिताकडे तो गेला नाही. तिच्या कडेवर मूल आहे हे त्याला कोणीतरी सांगितलं असावं. दारू सुरू झाली. एकदा हायवेच्या कडेला पडलेला सापडला, डोक्याला खोक. टाके घालताना मला म्हणाला, "सिस्टर, तिकडं जेलात निदान नावानं हाक मारायचे. इथं ते पण नाय." मग म्हणाला, "रात्री ट्रक लय जोरात जातात. कधी कधी वाटतं, दोन पावलं पुढं जावं." मी त्याला खडसावलं नि टाके पुरे केले. त्याच दुपारी पाड्यावर जाऊन मी जेठीबायला शब्दाशब्दानं सगळं सांगितलं. "पोरगा हातचा जाईल," म्हटलं. "तुझा धर्म तुझ्यापाशी ठेव आणि त्याला घरात घे." तिनं मला चहा दिला. चहा कसा झालाय विचारलं.

चार-पाच दिवसांनी निरोप आला, ये. मी गेले तर अख्खा पाडा तिच्या अंगणात. रमणलाही बोलावून आणलेलं, तो कुंपणाबाहेर उभा. जेठीबाय न्हालेली, धुतलेलं लुगडं नेसलेली. मागावर आता एकच पट्टी होती, तिची. ती मागावर बसली आणि म्हणाली, "कापलेला जोडत नाय. नवा सांधतंय."

देवजीदादा म्हणाला, "कशावर सांधणार? तुझे कडेचे धागे संपले. अर्धे रमणचे टायमाला गेले, अर्धे त्या बारक्याचे."

"मधले हायत ने," ती म्हणाली.

मधले धागे म्हणजे तिचे स्वतःचे. ते घ्यायचे, तर तिची पट्टी उतरवावी लागणार. मला समजायला क्षणभर लागला. पाड्यावर सगळ्यांना एकदम समजलं. देवजीदादा ओरडलाच, "श्वास हाय तवर धागा हाय. तूच सांगतंस सगळ्यांना!"

"हां," ती म्हणाली. "म्हणून सांगतंय. आजपासून माझा श्वास धरायचा नाय."

कोणी पुढे झालं नाही. मी झाले, पण काशीनं माझा दंड धरून ठेवला. जेठीबायनं एकेक गाठ मारत रमणचा नवा ताणा आपल्या धाग्यांवर सांधला. तिला घाई नव्हती. जन्माच्या वेळी जसं ती पुटपुटायची, तसंच पुटपुटत होती. सगळ्या गाठी झाल्यावर तिनं कातर घेतली आणि गाठींच्या अलीकडून आपली पट्टी कापली. कातर धुतली. काशीच्या हातात दिली. आपलं कापड छातीशी धरून उठली, कुंपणाच्या बाहेर गेली. रमणच्या जवळून गेली, पण त्याच्याकडे पाहिलं नाही. पाड्याच्या टोकाला आंबा आहे, त्याच्याखाली जाऊन बसली. तिच्या मागे बायकांनी रडायला सुरुवात केली, माणूस गेल्यावर रडतात तसं, खरंखुरं.

पुरुषांनी तिच्यावर कुडाचं खोपट बांधलं. तिरडी बांधावी तसं, मुकाट्यानं. पितरांना वाढतात तसं तिला वाढत. पानावर भात, कधी सुका जवळा, आंब्याखाली ठेवायचं आणि मागे न बघता निघून यायचं. पाळीपाळीनं प्रत्येक घरातून पान जाई, एक दिवस चुकला नाही. वनिता सणाला उधव्याहून येऊन पान ठेवून जायची. मी मागाईची नव्हे, त्यामुळे मला कसली बंदी नव्हती. मी जाऊन तिच्याशी बोलायचे, भांडायचे, रडायचेही. ती ऐकायची की नाही कळत नसे. एकदा मी मुद्दाम नवी सुती साडी नेसून गेले नि पदर तिच्यापुढे धरला. तिनं हात मागे घेतला.

रमण घरात आला. रमण म्हणून त्याला हाका येऊ लागल्या. दारू सुटली, वाडीवर कामाला लागला. सकाळी धोटा फिरवायचा; पट्टी बोटभर झाली, वीतभर झाली. आणि संध्याकाळी आंब्याखाली जाऊन आईला पान ठेवताना, न बोलायचं ते बोलायचा. "आये, एकदा बोल. कोण नाय बघत." ती पाठ फिरवून बसायची. तो चिडायचा, म्हणायचा, "तू असा करणार होतीस, तर मी ट्रकखाली गेलेला परवडला असता." मग तिथंच बसून राहायचा. मला विचाराल, तर या धर्माचा मला आजही राग येतो. आणि असंही वाटतं, की माझ्या देवानं माझ्याकडून इतकं कधी मागितलं नाही, म्हणून मी इतकी शहाणी.

दुसऱ्या थंडीत तिला खोकला लागला. ताप उतरेना. श्वास घेताना बरगड्या आत जायच्या. मी देवजीदादाला सांगितलं, मी हिला डहाणूला हॉस्पिटलात नेतेय, तुमचा नियम मला सांगू नका. तो म्हणाला, "आमचे इथं कोण हाय, की आम्ही अडवू?" आणि डोळे पुसत आत गेला. दिवसाउजेडी गाडी आली. स्ट्रेचरवर घेताना तिनं विरोध केला नाही. वजनच नव्हतं तिला. कापड मात्र हातातून सोडेना, म्हणून ते तसंच बरोबर घेतलं.

गाडीवरचा पोरगा नवीन होता. त्यानं विचारलं, "पेशंटचं नाव काय? नातेवाईक कोण?"

दारादारांत माणसं नुसती उभी होती. तेवढ्यात रमण वाडीवरून धावत आला, हात चिकूच्या चिकानं माखलेले. त्यानं गाडीच्या दाराला हात घातला, पायरीवर चढला, तिच्यावर वाकला आणि म्हणाला, "मी हाय नातेवाईक. ही माझी—"

जिच्या हातात पाण्याचा पेला धरायची ताकद नव्हती, तिनं हात उचलला आणि त्याच्या तोंडावर ठेवला. घट्ट दाबला. उतरल्यापासून तिनं त्याला लावलेला हा पहिला हात. रमणनं तो दोन्ही हातांनी धरला, तसाच तोंडावर धरून ठेवला, नि तिनंही काढला नाही. मी त्या पोराला म्हटलं, "माझ्याबरोबर आहे. चल." रस्ता अरुंद, ड्रायव्हरला गाडी मागेपुढे करून वळवावी लागली. तेवढा वेळ ती दोघं तशीच होती. मग गाडी सरळ झाली, आणि तिनं हात काढून घेतला, आणि तोंड पत्र्याकडे फिरवलं.